सिनेमा संपतो, मालिका संपत नाही

(या आठवड्याच्या भागाचा हा मजकूर, ज्यांना ऐकायला जमलं नाही त्यांच्यासाठी. बोलताना येणारे "म्हणजे" आणि "हं" थोडे गाळलेत, बाकी जसंच्या तसं.)

इअरफोन लावलेत? लोकलमध्ये असाल, एसटीत असाल, भांडी घासत असाल, काही हरकत नाही. फक्त रस्ता ओलांडत असाल तर आधी ओलांडून घ्या.

आजचा विषय एका श्रोत्याच्या व्हॉइस नोटवरून आलाय. तो म्हणतो, "ताई, आमच्या घरी एकच टीव्ही आहे आणि संध्याकाळी सात ते दहा तो आईच्या ताब्यात असतो. मी फोनवर चांगले सिनेमे बघतो, ती मालिका बघते. सिनेमा ही कला आहे आणि मालिका म्हणजे निव्वळ कचरा, हे तिला कसं समजावू?"

माझं उत्तर: नको समजावूस. तुझं म्हणणं अर्धं बरोबर आहे, पण आईला ऐकवायचं ठरवलंस ते नेमकं बिनकामाचं अर्धं. का, ते सांगते.

आधी जे मान्य करायचं ते मान्य करून टाकू. कला म्हणून बघितलं तर सिनेमा पुढे आहे. त्यावर वाद नको. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ चा. प्रभातचा 'संत तुकाराम' १९३६ चा, आणि पुढच्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. २०१४ मध्ये चैतन्य ताम्हाणेचा 'कोर्ट' त्याच व्हेनिसमधून दोन पुरस्कार घेऊन आला. शंभर वर्षांत मराठी माणसाने सिनेमात जे करून दाखवलं, त्याच्या शेजारी ठेवायला मराठी टीव्हीकडे फार थोडं आहे.

हे असं का, ते 'कोर्ट'मध्येच बघा. (ज्यांनी पाहिला नाही त्यांनी अर्धा मिनिट पुढे ढकला.) शेवटाकडे न्यायालयाला सुट्टी लागते. खोली रिकामी होते, दिवे मालवले जातात, पडदा काळा होतो. आपल्याला वाटतं, संपला सिनेमा. आणि मग न्यायाधीश कुटुंबाबरोबर सहलीला गेलेले दिसतात. बाकावर डुलकी लागलेली. मुलं येऊन ओरडून त्यांना उठवतात, ते एकाला थोबाडीत देतात आणि परत डोळे मिटतात. बस्स. पार्श्वसंगीत नाही, भाषण नाही, कुणी काही समजावत नाही. एक माणूस तुरुंगात असताना व्यवस्था झोपलेली आहे, हे तुमचं तुम्हाला दिसतं. पण त्यासाठी तुम्ही बघत असायला हवं. डोळे पडद्यावर हवेत.

मालिका नेमकं तेच मागू शकत नाही. कारण मालिका बघणारी व्यक्ती बघत नसते, ती ऐकत असते. ती भाकऱ्या थापत असते, मेथी निवडत असते, नातवाला भरवत असते. म्हणून मालिकेत तेच वाक्य तीनदा येतं. म्हणून तो धडाम आवाज होतो आणि कॅमेरा आळीपाळीने सगळ्यांच्या चेहऱ्यांवर जातो. आपण त्याची मीम बनवतो, पण तो आवाज स्वयंपाकघरासाठी असतो. "या, काहीतरी झालंय," असा निरोप असतो तो. कुकरच्या तीन शिट्ट्यांमध्येही गोष्ट कळली पाहिजे, ही मालिकेची पहिली अट आहे.

आणि तुम्ही आत्ता हा भाग कसा ऐकताय? हात कामात आहेत, कान इकडे आहेत. म्हणजे ऐकण्याच्या पद्धतीत तुम्ही तुमच्या आईच्या जवळचे आहात, थिएटरमधल्या प्रेक्षकाच्या नाही.

आता दुसरा अर्धा भाग. कला म्हणून नाही, प्रभाव म्हणून बघू.

एकच अभिनेत्री घेऊ, म्हणजे तुलना सोपी जाईल. रोहिणी हट्टंगडी. १९८२ च्या 'गांधी' सिनेमात त्यांनी कस्तुरबा केल्या आणि त्यासाठी त्यांना ब्रिटनचा बाफ्टा मिळाला. ही त्यांची कलावंत म्हणून उंची. पण महाराष्ट्रातल्या कुठल्याही तालुक्याच्या बाजारात बायकांना विचारा, त्यांच्या तोंडी कस्तुरबा आधी येणार नाहीत. येईल 'चार दिवस सासूचे'. ही मालिका २००१ ते २०१३ चालली, तीन हजारांहून जास्त भाग. विचार करा, मालिका सुरू झाली तेव्हा बालवाडीत असलेली मुलगी संपली तेव्हा कॉलेजच्या दारात होती. 'गांधी' तीन तासांत पाहून होतो. ही सासू मात्र अकरा वर्षांहून जास्त घरात राहिली.

सिनेमाला आपण जातो, टीव्ही आपल्याकडे राहायला येतो. आणि राहायला आलेला माणूस आपल्याला बदलतो, पाहुणा बदलत नाही.

याची सगळ्यात मोठी साक्ष म्हणजे रामानंद सागरांचं 'रामायण'. जानेवारी १९८७ मध्ये सुरू झालं, जुलै १९८८ पर्यंत दर रविवारी सकाळी साडेनऊला. रस्ते ओस पडायचे, लोक टीव्हीच्या संचाला हार घालायचे, हे तुम्ही आजीआजोबांकडून ऐकलं असेलच. राम-सीता त्याआधी पडद्यावर नव्हते का? होते की. मूकपटापासून होते. पण पुढचं बघा. १९९१ च्या लोकसभा निवडणुकीत सीता झालेल्या दीपिका चिखलिया बडोद्यातून निवडून आल्या आणि रावण झालेले अरविंद त्रिवेदी साबरकांठ्यातून. दोघेही एकाच पक्षाकडून! राम आणि रावण या वादात कुणी पडलंच नाही. दर रविवारी घरात येणारा चेहरा आपलाच वाटायला लागतो, मग तो कोणत्याही भूमिकेत असो.

हे झालं मोठं उदाहरण. आता गळ्यातलं घ्या. 'होणार सून मी ह्या घरची' ही मालिका २०१३ मध्ये आली आणि काही महिन्यांत सराफांकडे, गाड्यांवर, जत्रेत सगळीकडे 'जान्हवी मंगळसूत्र' मिळायला लागलं. मुली दुकानात जाऊन नावाने मागायच्या. मंगळसूत्र हा आपल्याकडे किती नाजूक विषय. कुठल्या घरात कसं घालायचं, किती वाट्या, किती पदर, सगळं ठरलेलं. ती रीत सासूने नाही, आजीने नाही, एका वाहिनीच्या वेशभूषेच्या टेबलाने बदलली. कुठल्या सिनेमाने हे इतक्या घरांत, इतक्या लवकर केलं असेल?

"मंगळसूत्राचं डिझाइन म्हणजे फॅशन, ताई. विचार कुठे बदलले?" असं कुणीतरी म्हणणारच. म्हणून एका अभ्यासाबद्दल सांगते. रॉबर्ट जेन्सन आणि एमिली ऑस्टर या दोन अर्थतज्ज्ञांनी २००१ ते २००३ या काळात भारतातल्या पाच राज्यांत एक गोष्ट तपासली. काही गावांत त्या काळात केबल नव्याने आली, काहींत नाही आली. दोन्हीकडच्या बायकांना तेच प्रश्न विचारले गेले. २००९ मध्ये निष्कर्ष छापून आले. जिथे केबल आली तिथे नवऱ्याने मारणं योग्य आहे असं म्हणणाऱ्या बायका कमी झाल्या, मुलगाच हवा हा आग्रह कमी झाला, आणि घराबाहेर जायचं किंवा पैसे खर्च करायचे तर त्यात बायकांचं मत जास्त चालायला लागलं.

आता गंमत ऐका. त्या काळात केबलवर सगळ्यात जोरात काय चालत होतं? सासू-सुनांच्या हिंदी मालिका. ज्यांना आपण सगळ्यांनी मागास म्हटलं त्याच. त्यात कुणी बायकांच्या हक्कांवर भाषण देत नव्हतं. पण गावातली बाई बघत होती की शहरातल्या बायका एकट्या गाडीतून जातात, धंदा सांभाळतात, नवऱ्यासमोर आवाज चढवतात. गोष्ट सासू-सुनेची होती, पण गोष्टीच्या मागे दिसणारं जग वेगळं होतं. बाईने ते मागचं जग उचललं.

आणि हे उलटंही होतं, हे विसरू नका. १९८४ मध्ये दूरदर्शनवर 'हम लोग' आली. मनोहर श्याम जोशींनी लिहिलेली. प्रत्येक भागाच्या शेवटी अशोक कुमार येऊन दोन शब्द सांगायचे. मेक्सिकोत मालिकांमधून साक्षरता आणि कुटुंबनियोजनाचा प्रचार झाला होता, ती कल्पना इथे आणली होती. त्यात भागवंती नावाची आई आहे. सगळं सोसणारी, सगळ्यांचं करणारी, स्वतःसाठी काहीच न मागणारी. करणाऱ्यांना दाखवायचं होतं की असं सोसत राहिल्याने बाईचे हाल होतात. प्रेक्षकांपैकी कितीतरी जणांनी काय घेतलं? "वा, आई असावी तर अशी!" संदेश एक दिला, घरात दुसराच पोचला. म्हणजे टीव्ही आपल्याला काय शिकवतो हे त्याच्या लेखकालाही पक्कं ठाऊक नसतं. ते सोफ्यावर ठरतं, जेवणाच्या ताटावर ठरतं, शेजारणीशी गप्पा मारताना ठरतं.

आता मी आजच्या मुख्य मुद्द्याकडे येते. दोन गोष्टी शेजारी ठेवते. दोन्ही मराठी, दोन्हीत एक बाई घराचा उंबरठा ओलांडते.

पहिली, जब्बार पटेलांचा 'उंबरठा', १९८२. पटकथा विजय तेंडुलकरांची. सुलभा झालीये स्मिता पाटील. आणि या विषयाला शोभेलसा योगायोग म्हणजे स्मिताला लोकांनी आधी टीव्हीवर पाहिलं. मुंबई दूरदर्शन सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ ला, आणि ती तिथे मराठी बातम्या द्यायची. जीन्सवरच साडी गुंडाळून कॅमेऱ्यासमोर बसायची, हा तिचा किस्सा आजही सांगतात. तर सुलभा. घरी वकील नवरा, लहान मुलगी, वजनदार सासू. ती लांबच्या गावी महिलाश्रमाची अधीक्षक म्हणून जाते. तिथल्या कारभाराशी भांडते, राजीनामा देऊन परत येते, तर नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी बाई आलेली. सुलभा पुन्हा घर सोडते. ती रेल्वेत बसलेली आहे, आणि सिनेमा संपतो.

दुसरी, 'आई कुठे काय करते'. डिसेंबर २०१९ ते नोव्हेंबर २०२४. मूळ बंगाली मालिकेवर बेतलेली. अरुंधती झाली मधुराणी प्रभुलकर. इथेही नवऱ्याच्या आयुष्यात दुसरी बाई. संसाराला पंचवीस वर्षं झालेली, मुलं मोठी झालेली. अरुंधतीही नवऱ्याला सोडते, घटस्फोट घेते, पुढे दुसरं लग्नसुद्धा करते.

प्रश्न एकच. मग फरक काय?

'उंबरठा' संपतो. त्याला शेवट आहे, म्हणून त्याला ठाम बोलता येतं. सुलभा गाडीत बसते आणि पुढे तिचं काय झालं, तिने भाडं कुठून भरलं, दिवाळीत ती कुठे होती, मुलीला ताप आला तेव्हा काय केलं, हे दिग्दर्शकाने सांगायचं नाही. तो प्रश्न तो तुमच्या हातात देतो आणि दिवे लागतात. ही सिनेमाची ताकद. तो तुम्हाला अस्वस्थ करून सोडून देऊ शकतो.

मालिकेला तशी सोय नाही. अरुंधतीने सोमवारी घटस्फोट घेतला की मंगळवारी भाग आहेच. मग दिवाळी दाखवावी लागते. सणाला मुलं कुणाकडे, सासऱ्यांशी आता कुठल्या नात्याने बोलायचं, एकट्या बाईने घर कसं शोधायचं, पन्नाशीकडे झुकताना दुसरं लग्न केलं तर मुलांचे चेहरे कसे होतात, हे सगळं दाखवावं लागतं. वाहिनीला रोजची अर्ध्या तासाची जागा भरायची असते म्हणून दाखवावं लागतं. हेतू धंद्याचा. पण त्यातून घडतं काय, तर घटस्फोटानंतरचं रोजचं आयुष्य रोज संध्याकाळी घरात येतं.

माझ्या घरातलं सांगते. माझ्या एका मावशीने वीसेक वर्षांपूर्वी नवरा सोडला. आमच्याकडे तिच्याबद्दल बोलताना "घटस्फोट" हा शब्द कधी कुणी उच्चारला नाही. "तिचं जरा झालंय," एवढंच. लग्नाच्या पत्रिकेत तिचं नाव कसं घालायचं यावर दबक्या आवाजात चर्चा व्हायची आणि शेवटी नाव गळायचं. अरुंधतीच्या घटस्फोटाचे भाग चालू होते तेव्हा एका संध्याकाळी माझी आजी, वय वर्षं एक्क्याऐंशी, ताटातला भात कालवता कालवता म्हणाली, "बरं केलं सोडलं. आपल्या पोरीनेही हेच केलं, पण तिला आपण कुणी असं म्हटलं नाही." जेवण थांबलं सगळ्यांचं. आई उठून आत गेली. दुसऱ्या दिवशी आजीने मला मावशीला फोन लावून द्यायला सांगितला. दोघी काय बोलल्या मला माहीत नाही, आजीने मला खोलीबाहेर काढलं होतं. पण पुढच्या वर्षी मामेभावाच्या पत्रिकेत मावशीचं नाव होतं. एकटीचं, स्वतंत्र ओळीत.

आमच्या आजीने 'उंबरठा' पाहिलाय. मी विचारलं तिला. म्हणाली, "चांगला होता. स्मिता पाटील छान करायची." एवढंच. सिनेमा पोचला नाही असं नाही. पण सुलभा तिच्यासाठी स्मिता पाटील राहिली. अरुंधती मात्र घरातल्या मुलीसारखी झाली.

हां, पण लगेच टाळ्या नकोत. मालिकेला शेवट नसतो याची किंमतही मोजावी लागते. घटस्फोट झाल्यावरही अरुंधतीची गोष्ट त्या देशमुखांच्या घराभोवतीच फिरत राहिली. का? कारण ते घर म्हणजे सेट आहे. पैसा त्यात घातलाय, सगळी पात्रं तिथे राहतात, प्रेक्षकांना तोच दिवाणखाना ओळखीचा आहे. नायिकेने खरंच घर सोडलं तर मालिका बंद पडेल. दर गुरुवारी टीआरपीचे आकडे येतात, आणि आकडा घसरला की नायिकेला परत त्याच दिवाणखान्यात उभं राहून कुणाचा तरी कट उघडा पाडावा लागतो. सुलभा गाडीत बसू शकते. मालिकेतल्या बाईला गाडी पकडू देणं परवडत नाही. म्हणून मालिका आपल्याला "सोडलं तरी चालतं" हे शिकवता शिकवता "पण फार लांब जाऊ नकोस" हेही शिकवते. दोन्ही धडे एकाच संध्याकाळी, त्याच आवाजात.

म्हणूनच मला वाटतं, आपण टीकेची जागा चुकीची धरलीये. एखादा सिनेमा आला की शंभर परीक्षणं येतात. छायाचित्रण कसं, पटकथा कुठे सैल, सगळं. आणि जी गोष्ट पाच वर्षं रोज आपल्या घरात बोलत असते तिच्यावर काय येतं? मीम. ज्याचा प्रभाव कमी त्याची कसून तपासणी, आणि ज्याचा प्रभाव जास्त त्याची फक्त चेष्टा. चेष्टेने काही तपासलं जात नाही. 'कचरा' म्हटलं की प्रश्न विचारायची गरजच संपते.

आणि हे प्रकरण आईपुरतं नाही, तुमच्या हातातल्या फोनचंही आहे. फोनवर सिनेमा आणि मालिका एकाच काचेवर येतात. पडदा मोठा की छोटा हा फरक राहिलाच नाही. राहिला तो एकच फरक: संपतं काय आणि संपत नाही काय. दोन तासांचा सिनेमा फोनवरही संपतो. रील संपतात का? अंगठा वर सरकवत राहा, पुढची येतेच. तेच चेहरे रोज, तीच वाक्यं, तेच आवाज, तीच घरं, तीच लग्नं. रील ही मालिकेची नात आहे, सिनेमाची नाही. जान्हवीचं मंगळसूत्र बघून हसणारी आपली पिढी हळदीला कुठला पिवळा नेसायचा, प्रपोज कसं करायचं, जिममध्ये कुठल्या कोनातून फोटो काढायचा हे कुठून शिकली? कुणी शिकवायला बसलं नव्हतं. रोज दिसत गेलं आणि रीत झाली.

तर व्हॉइस नोटवाल्या मित्रा, तुझ्यासाठी आणि सगळ्यांसाठीच एक छोटं काम. या आठवड्यात एक दिवस आईबरोबर, आजीबरोबर, घरात जे कुणी मालिका बघत असेल त्यांच्याबरोबर पूर्ण एक भाग बघ. हसायचं नाही, फोन बाजूला. जाहिराती लागल्या की तीन गोष्टी विचार. या भागात पैसे कुणाच्या हातात होते? कोण कुणाची परवानगी मागत होतं? आणि "ही असं वागली ते तुला पटलं का?" तिसरा प्रश्न विचारलास की गप्प राहा. उत्तर येऊ दे. माझा अनुभव असा आहे की ते उत्तर मालिकेबद्दल नसतं.

मग त्याच रात्री तेच तीन प्रश्न स्वतःच्या शेवटच्या दहा रील्सना विचार.

आणि जमलं तर एखाद्या रविवारी तिला 'उंबरठा' लाव. टीव्हीवर, मोठ्या आवाजात, स्वयंपाक तू कर. बाईला डोळे पडद्यावर ठेवून दोन तास सलग बसायला मिळणं हीच आपल्याकडे दुर्मिळ गोष्ट आहे. सिनेमा कला म्हणून तिच्यापर्यंत कधी पोचलाच नाही अशी तक्रार करण्याआधी तिच्या हातातली मेथीची जुडी कुणीतरी घ्यायला हवी.

काय उत्तरं मिळाली ते व्हॉइस नोटवर पाठवा. नावं सांगायची नसतील तर नका सांगू, आम्ही विचारणार नाही. निवडक उत्तरं पुढच्या भागात ऐकवू. तोवर काळजी घ्या, आणि मघाशी रस्ता ओलांडायला थांबला असाल तर आता ओलांडा. भेटू!